नदीचा उतार

जालना जिल्ह्याच्या उत्तर भागातून केळणा नावाची नदी वाहते. महाराष्ट्रातील मोठ्या नद्यांची नावे सांगताना तिचे नाव कोणी घेत नाही. भोकरदन गावाजवळून ती पूर्वेकडे जाते आणि पुढे पूर्णा नदीला मिळते. पावसाळ्यात ती गढूळ पाण्याने दुथडी भरून धावते. चैत्र-वैशाखात मात्र तिच्या पात्रात जागोजागी डोह तेवढे उरतात आणि मधल्या वाळूतून गुरे खुशाल पलीकडे चरायला जातात. वाटेत तिला जुई नावाची दुसरी नदी येऊन मिळते. या दोन नद्यांच्या बेचक्यात, त्यांच्या संगमाच्या अलीकडे, जुईच्या काठी एक लहानसे खेडे आहे. त्याचे नाव असई.

हे गाव तुमच्यापैकी पुष्कळांनी पाहिले नसेल. परंतु युद्धांचा इतिहास लिहिणाऱ्या इंग्रज ग्रंथकारांना ते चांगले ठाऊक आहे. त्यांनी केळणेला ‘कैटना’ केले आणि जुईला ‘जुआ’. तरी असईला ते विसरले नाहीत. 1803 साली सप्टेंबरच्या 23 तारखेला या गावाच्या शिवारात इंग्रज आणि मराठे यांच्यात घनघोर लढाई झाली. मी शिक्षक झालो तेव्हा या लढाईची मला पुस्तकातून चांगली माहिती होती. ते गाव मात्र मला मुळीच माहीत नव्हते. ही गोष्ट मला एका तेरा वर्षांच्या मुलाने शिकविली.

1985 साली मी भोकरदन तालुक्यातील एका शाळेत शिक्षक म्हणून रुजू झालो. माझा विषय मराठी. परंतु इतिहासाचे शिक्षक रजेवर गेले की त्यांचे तास माझ्याकडे येत. अशाच एका तासाला दुसऱ्या इंग्रज-मराठा युद्धाचा धडा आला. तरुण वय होते आणि वक्तृत्वाची हौस होती. मी फळ्यावर खडूने दोन नद्या काढल्या, बाणांनी सैन्ये दाखविली आणि लढाई सांगू लागलो.

दुसऱ्या बाजीराव पेशव्यांनी 1802 च्या अखेरच्या दिवशी इंग्रजांशी वसईचा तह केला. तो दौलतराव शिंदे आणि नागपूरचे रघूजी भोसले यांना मान्य झाला नाही, आणि पुढच्याच वर्षी युद्ध पेटले. शिंदे-भोसल्यांच्या फौजा निजामाच्या मुलखात उतरल्या. त्यांच्या पाठलागावर होता आर्थर वेलस्ली नावाचा चौतीस वर्षांचा इंग्रज सेनापती. असईजवळ दोन्ही दळांची गाठ पडली. मराठ्यांकडे प्रचंड घोडदळ, कवायती पायदळ आणि शंभराच्या आसपास तोफा होत्या. या पायदळाचा प्रमुख पोलमन हा हॅनोव्हर या जर्मन प्रांतातला होता. वेलस्लीपाशी सारी मिळून साडेनऊ हजारांच्या आसपास माणसे होती. तरीही त्याने नदी ओलांडली, हल्ला चढविला आणि संध्याकाळ होईतो लढाई जिंकली.

हे सारे मी मोठ्या आवेशाने सांगितले. तोफा कशा गरजल्या, घोडे कसे उधळले, याचे वर्णन करताना माझा आवाज चढला होता. वर्ग चित्रासारखा स्तब्ध बसला होता. तेवढ्यात मागच्या बाकावरचा एक मुलगा उभा राहिला. तो फारसे बोलत नसे. वर्गात त्याचे असणे-नसणे हजेरी घेतानाच काय ते कळे.

तो म्हणाला, “सर, असई माझं गाव आहे.”

“अस्सं! मग तर तुला अभिमान वाटायला हवा,” मी म्हणालो.

तो खाली बसला नाही. थोडा वेळ घुटमळून त्याने विचारले, “सर, त्या दिवशी गावातली माणसं कुठं गेली होती?”

या प्रश्नाला माझ्यापाशी उत्तर नव्हते. ‘मला माहीत नाही’ असे म्हणण्यात कमीपणा नसतो, हे मला त्या वयात समजत नव्हते. तास संपत आला होता, आणि भर वर्गात माझी भाषणाची लय तुटली होती. मी जरा तुटकपणे म्हणालो, “ते परीक्षेला विचारत नाहीत. सन, सेनापती आणि परिणाम एवढे लिहून घे.”

मुले हसली. तो मुलगा खाली बसला आणि त्याने वही उघडली. सन, सेनापती आणि परिणाम त्याने सुबक अक्षरात लिहून घेतले. त्यानंतर कित्येक दिवस त्याने हात वर केला नाही.

शिक्षकाला मुलांचा गोंगाट ऐकू येतो. एखाद्याचे गप्प होणे मात्र सहसा ऐकू येत नाही. परंतु त्या मुलाचे गप्प होणे मला ऐकू येऊ लागले. रात्री दिवा मालविल्यावर तोच प्रश्न पुन्हा पुन्हा मनात येई. मी लढाईवरची मिळतील ती पुस्तके मिळविली आणि वाचून काढली. त्यांत कोणत्या पलटणीचे किती लोक पडले, वेलस्लीच्या अंगाखालचे घोडे कसे जखमी झाले, पकडलेल्या तोफा किती, हे सारे होते. गावाविषयी मात्र एवढेच होते की, त्याला मातीचा तट होता आणि त्याच्या आश्रयाने मराठ्यांनी जोराचा मारा केला. तटाच्या आत राहणारी माणसे कोण होती, याविषयी एक ओळही नव्हती.

अखेरीस एके दिवशी मी त्या मुलाला जवळ बोलाविले आणि म्हणालो, “मला तुझे गाव दाखवशील का?” त्याने माझ्याकडे पाहिले. मी थट्टा तर करीत नाही ना, याची खात्री करून घेतल्यासारखे तो क्षणभर थांबला आणि मग म्हणाला, “या ना सर. रविवारी या.”

दिवाळी होऊन गेली होती. एस. टी. मधून उतरून पुढची वाट आम्ही पायी चाललो. दोन्ही बाजूंना कपाशीची बोंडे फुटली होती आणि रब्बीची ज्वारी गुडघ्याएवढी झाली होती. मी मनात तोफांच्या जागा शोधीत होतो. तो मात्र मला कोणाचा बांध कुठे संपतो, कोणत्या विहिरीला उन्हाळ्यात पाणी राहते, कोणत्या बाभळीवर सुगरणीचे खोपे आहेत, हे सांगत होता. वर्गात न बोलणारा तो मुलगा शिवारात येताच बोलका झाला. लढाईचे मैदान म्हणून मी जे पाहायला आलो होतो, ते त्याच्या लेखी चुलत्याचे शेत होते.

गाव मराठवाड्यातील इतर खेड्यांसारखेच दिसले. मातीच्या भिंतींची माळवदाची घरे, पारावर बसलेली म्हातारी माणसे, मारुतीचे देऊळ, आडावर पाण्याला आलेल्या बायका. मी येणार हे आधीच कळलेले होते. मुलाच्या आजीने ओसरीवर घोंगडी अंथरली आणि ताटलीत भाजलेल्या शेंगा व गुळाचा खडा आणून ठेवला. शिक्षक घरी आल्याचा तिला मोठा आनंद झाला होता. नातवाने काही आगळीक केली असेल, अशी थोडी धास्तीही तिच्या चेहऱ्यावर होती.

ओसरीच्या कोपऱ्यात धान्याची कणगी होती. तिच्या झाकणावर उंदरांनी ते उचलू नये म्हणून काहीतरी जड ठेवले होते. मी निरखून पाहिले. तो नारळापेक्षा लहान, गंजून काळा पडलेला लोखंडी गोळा होता.

“आजी, हे काय?” मी विचारले.

“नांगरताना निघाला व्हता रानात. आमच्या सासऱ्याच्या बी आधीपून घरात हाये,” ती म्हणाली. “लढाईतला म्हंत्यात. आमाला झाकणाला बरा हाये.”

मी तो गोळा हातात घेतला. ज्याची वर्णने मी वर्गात आवाज चढवून सांगितली होती, ते प्रत्यक्ष युद्ध माझ्या तळहातावर होते. त्याचे वजन मनगटाला जाणवत होते. एवढे लोखंड वेगाने अंगावर आले म्हणजे माणसाचे काय होत असेल, याचा विचार वर्गातील माझ्या भाषणात कुठेही नव्हता. मी तो मुकाट्याने पुन्हा कणगीवर ठेवला.

मग मी आजीला तिच्या नातवाचाच प्रश्न विचारला. “आजी, लढाई झाली त्या दिवशी गावातली माणसे कुठे गेली असतील?”

तिला त्यात अवघड असे काही वाटले नाही. ती म्हणाली, “कुठं जात्याल, गुरुजी? जिकडं सोयरे, तिकडं. पूर आला, पटकी आली, दुष्काळ आला, गाव तिकडंच जातं. अन् मंग माघारी येतं. पेरणी कोण करील?”

बोलता बोलता तिने आपल्या लग्नाची गोष्ट काढली. तिचे माहेर केळणेच्या पलीकडच्या काठाला. लग्न होऊन ती सासरी आली ती नदीच्या उतारावरून. बैलगाडीच्या चाकांना तुंब्यापर्यंत पाणी लागले होते, आणि वऱ्हाडातील एक म्हातारा हातातील काठीने तळ चाचपीत बैलांच्या पुढे चालला होता. पुढे साठ वर्षे त्याच उताराने तिच्या संसाराला हात दिला. अडलेल्या बाळंतिणीसाठी सुईण याच वाटेने आली. एका काठाचे बियाणे सरले तर दुसऱ्या काठाने दिले. पेरणीला एक बैल कमी पडला तर सावडीला पलीकडचा बैल आला. बाजाराच्या दिवशी शेळ्या, कोंबड्या, मिरच्यांची गाठोडी, सारे काही याच पाण्यातून गेले आणि आले. श्रावणात नदी फुगून वाट बंद झाली की दोन्ही काठांची माणसे तोंडाशी हात धरून हाका मारीत आणि निरोप सांगत. अगदीच निकड असली तर भोपळ्यांची सांगड बांधून एखादा पोहणारा पलीकडे जाई.

“नदी आडवी असती, गुरुजी, पण उतार हाये नं,” आजी म्हणाली.

दुपार कलल्यावर तो मुलगा मला नदीकडे घेऊन गेला. लढाईत वेलस्लीने जो उतार वापरला, तो असईला लागून नव्हे, थोड्या अंतरावर आहे. तेथे नदीच्या एका काठाला पिंपळगाव आणि समोरच्या काठाला वरूड अशी दोन गावे होती, असे मी वाचले होते. काठाने चालत चालत आम्ही पात्र पाहत गेलो. उतार कसा ओळखावा, हे मी त्या दिवशी त्या मुलाकडून शिकलो. जेथे नदी अरुंद, तेथे डोह आणि पाणी निःशब्द. जेथे पात्र पसरट होते, तेथे पाणी विभागते, उथळ होते आणि तळाच्या गोट्यांवरून खळखळ करीत वाहते. उथळ पाण्याला खळखळाट फार, ही म्हण आपण बढाईखोर माणसाला उद्देशून वापरतो. परंतु वाटसरूला तोच खळखळाट वाट दाखवितो. तळ वाळूचा नसून घट्ट मुरमाचा हवा, नाहीतर चाक रुतते. आणि सर्वांत खात्रीची खूण म्हणजे दोन्ही दरडी: जेथे पिढ्यान् पिढ्या गाड्या उतरल्या, तेथे दरड झिजून तिला घसरण आलेली असते.

आम्ही एका दगडावर बसलो. समोर पाणी वाहत होते. मी त्याला वर्गात न सांगितलेली गोष्ट सांगितली.

त्या दिवशी वेलस्ली नदीच्या दक्षिणेस होता आणि मराठ्यांची फौज उत्तरेस. समोरून नदी उतरावी तर शंभराच्या आसपास तोफांचे गोळे अंगावर येणार. दुसरीकडे कोठे उतार आहे का, असे त्याने आपल्याबरोबरच्या वाटाड्यांना विचारले. वाटाड्यांनी साफ सांगितले, नाही. परंतु वेलस्लीने दुर्बिणीतून पाहिले तेव्हा नदीच्या दोन काठांना समोरासमोर वसलेली दोन खेडी त्याला दिसली. त्याने स्वतःशी विचार केला की, माणसे नदीच्या दोन अंगांना इतकी जवळ जवळ गावे वसवितात, तेव्हा त्यांचे एकमेकांकडे जाणे-येणे असलेच पाहिजे; आणि जाणे-येणे असेल तर वाट असलीच पाहिजे. ही हकीकत पुढे त्याने स्वतःच सांगितली आहे. तो त्या गावांच्या रोखाने निघाला आणि तेथे उतार सापडला. नदी उतरताना त्याच्या शेजारच्या स्वाराचे डोके तोफेच्या गोळ्याने उडाले. पण सैन्य पलीकडे पोहोचले.

“म्हणजे बघ,” मी म्हणालो, “त्या लढाईची किल्ली तोफेत नव्हती, तलवारीत नव्हती. ती तुझ्या आजीच्या वाटेत होती.”

मुलगा बराच वेळ पाण्याकडे पाहत राहिला. मग म्हणाला, “सर, वाटाडे इथलेच असतील, तर त्यांना उतार माहीत असणार.”

“असणार.”

“मग त्यांनी मुद्दाम नाही म्हणून सांगितलं असेल.”

मी चमकून त्याच्याकडे पाहिले. इतक्या ग्रंथांत मी ही हकीकत वाचली होती. वाटाड्यांना माहिती नव्हती, ते अडाणी होते, असे समजून मी पुढे गेलो होतो. त्यांनी जाणूनबुजून उतार लपविला असेल, हा विचार माझ्या मनाला शिवलाही नव्हता. ते वाटाडे कोणत्या गावचे, त्यांची नावे काय, ते खरोखर अज्ञानी होते की शहाणे, हे आज कोणालाच सांगता येणार नाही. तथापि परक्या फौजेच्या मध्यभागी उभे राहून, चोहीकडे संगिनी असताना, सेनापतीच्या तोंडावर ‘उतार नाही’ असे कोणी म्हटले असेल, तर त्याला धैर्य लागले असेल खास. आणि तसे असेल, तर घडलेली गोष्ट मोठी हृदयद्रावक आहे. कारण माणसांनी जे लपविले, ते समोरासमोर वसलेल्या त्यांच्या घरांनीच सांगून टाकले.

सूर्य मावळायला आला होता. लढाईही याच वेळेला संपली होती. इंग्रजांच्या बाजूचे दीड हजारांहून अधिक लोक मेले अथवा जखमी झाले. मराठ्यांचे बाराशे लोक रणांगणावर मरून पडले होते, असा वेलस्लीचा स्वतःचा अंदाज होता. जखमी तर शिवारभर विखुरले होते. मराठ्यांच्या गोलंदाजांनी शेवटपर्यंत तोफा सोडल्या नाहीत, असे त्यांच्या शत्रूंनीच लिहून ठेवले आहे. काही जण मेल्याचे सोंग घेऊन तोफांखाली पडून राहिले, आणि इंग्रज पुढे सरकताच उठून त्यांनी पाठीमागून तोफा डागल्या. नव्वदांहून अधिक तोफा इंग्रजांच्या हाती लागल्या. एवढे होऊनही, त्या गोलंदाजांपैकी एकाचेही नाव आपल्याला ठाऊक नाही. इंग्रजांच्या बाजूने लढणारेही बहुतेक या देशाचेच होते, मद्रासकडील शिपाई आणि म्हैसूरचे स्वार. आजच्या भारतीय सैन्यातील मद्रास रेजिमेंटच्या चिन्हावर जो हत्ती आहे, तो असईच्याच आठवणीचा आहे. म्हणजे या मातीत जे सांडले, त्यातील पुष्कळसे रक्त दोन्ही अंगांनी आपलेच होते.

डिसेंबरच्या 30 तारखेला सुर्जी-अंजनगावचा तह झाला आणि शिंद्यांना मोठा मुलूख गमवावा लागला. वेलस्ली पुढे ड्यूक ऑफ वेलिंग्टन झाला आणि 1815 साली वॉटर्लू येथे त्याने नेपोलियनचा पराभव केला. लढण्याच्या कामी तुमच्या हातून सर्वांत उत्तम असे काय घडले, असे पुढे त्याला कोणी विचारले, तेव्हा त्याने वॉटर्लूचे नव्हे, तर असईचे नाव घेतले, असे सांगतात. इंग्लंडने त्याला हॅम्पशायर परगण्यातील स्ट्रॅटफील्ड से या लहानशा खेड्यात मोठी जहागीर घेऊन दिली. तेथूनही लॉडन नावाची एक छोटी नदी वाहते. नदीकाठची माणसे कोठलीही असोत, ती पलीकडे जायची वाट शोधतातच. वेलस्लीने परक्या मुलखात ओळखले ते एवढेच.

परंतु त्या संध्याकाळी दगडावर बसून माझ्या मनात आले ते निराळेच. सप्टेंबरच्या अखेरीस लढाई झाली. आमच्या भागात रब्बीच्या ज्वारीची पेरणी त्यानंतर दोन-चार आठवड्यांतच करावी लागते. ओल गेली की बी उगवत नाही. त्या सालच्या नि पुढच्या सालच्या दुष्काळाने दख्खनमध्ये माणसे अन्नावाचून तडफडली, हे तर इतिहासात नमूद आहे. मग या शिवारात तिफण कोणी चालविली असेल? सेनापती तहाच्या बोलण्यांत गुंतले, पलटणी पुढच्या लढाईला गेल्या. जळलेल्या घरांवर पुन्हा माळवदे घालणारे, रानातील मेलेले घोडे-बैल ओढून काढणारे, लोखंडी गोळे वेचून बांधावर टाकणारे आणि त्याच मातीत मूठ मूठ ज्वारी सोडणारे हात कोणाचे असतील? आजीने नातवाच्या प्रश्नाचे अर्धेच उत्तर दिले असे मला वाटले होते. तसे नव्हते. ‘अन् मंग माघारी येतं’ हे तिच्या उत्तराचे उरलेले अर्धे होते, आणि तेच अधिक महत्त्वाचे होते.

सोमवारी मी मुख्याध्यापकांची परवानगी घेऊन पुन्हा तोच तास घेतला. प्रथम मी वर्गाला सांगितले, “मागल्या वेळी तुमच्या सोबत्याने मला प्रश्न विचारला होता. मला उत्तर येत नव्हते, म्हणून मी त्याला गप्प बसविले. ते माझे चुकले.” वर्गात विलक्षण शांतता पसरली. मोठ्या माणसाने चूक कबूल केलेली मुलांनी फारशी पाहिलेली नसते. मग मी फळ्यावर पुन्हा दोन नद्या काढल्या. पण या वेळी बाण काढले नाहीत. त्या मुलाला पुढे बोलाविले आणि खडू त्याच्या हातात दिला. त्याने गावे मांडली, विहिरी मांडल्या आणि नदीवरून आरपार जाणारी एक तुटक रेघ काढली. त्या रेघेखाली त्याने लिहिले, ‘उतार’.

त्या तासाला मी मुलांना आणखी एक गोष्ट सांगितली. आपल्या भोकरदनचे प्राचीन नाव भोगवर्धन. सुमारे दोन हजार वर्षांपूर्वी दूर सांचीला स्तूपाचे काम चालले होते, तेव्हा भोगवर्धनच्या काही लोकांनी तेथे दान दिले, आणि त्यांची नावे तेथील दगडावर कोरली गेली. ती वाचता येतात. ही माणसे राजे नव्हती, सेनापती नव्हती. आपल्या गावाचे नाव सांगून त्यांनी यथाशक्ती दान दिले होते. म्हणजे साध्या माणसांची नावे इतिहासात राहूच शकत नाहीत, असे नाही. कोणीतरी ती विचारावी लागतात आणि कोणीतरी ती लिहून ठेवावी लागतात. त्या आठवड्यात मी मुलांना घरचा अभ्यास दिला तो एवढाच: घरातील सर्वांत वयस्क माणसाला विचारा, तुम्ही या गावात कोणत्या वाटेने आलात?

मुलांनी आणलेली ती उत्तरे मी पुढे कित्येक वर्षे जपून ठेवली. कोणाचे पणजोबा दुष्काळात रस्त्याच्या खडीकामाला आले आणि येथेच राहिले. कोणाची आजी बैलगाडीतून, तर कोणाची पायी. त्या वह्यांत एकही सेनापती नव्हता. पण सगळा तालुका होता.

मला निवृत्त होऊन आता काही वर्षे झाली. आमच्या भागातील नद्यांवर ठिकठिकाणी पूल झाले आहेत. गाड्या पाणी न पाहताच पलीकडे जातात. ‘उतार’ हा शब्द नव्या मुलांना आता घाटाच्या रस्त्यावर किंवा औषधाने येणारा उतार म्हणूनच ठाऊक असतो. तो मुलगा आज पन्नाशी ओलांडलेला शेतकरी आहे. केव्हातरी बाजाराच्या दिवशी आमची भेट होते. आजी केव्हाच गेली. कणगीही गेली, धान्य आता पत्र्याच्या कोठीत असते. लोखंडी गोळा मात्र अजून घरात आहे.

मागच्या वेळी भेटला तेव्हा तो हसत म्हणाला, “सर, माझ्या प्रश्नाचं उत्तर तुम्ही अजून दिलं नाही.”

मी म्हणालो, “खरे आहे. मला अजूनही येत नाही.”

“नातीनं परवा तेच विचारलं,” तो म्हणाला. “मी तिला आजीचं उत्तर सांगितलं. आणि रविवारी नदीवर नेऊन उतार दाखवला.”